गुडघ्याची वाटी आणि विहिरीतला सांगाडा

सोमवार, १ सप्टेंबर २०२५
आज आलं: हाडांची पुस्तकं, नग पाच. वजन चार किलो दोनशे. काळूराम रद्दीवाल्याने किलोला तीस लावले. एकशे सव्वीस झाले, वरचे सहा सोडवून घेतले. दिले एकशे वीस.
१) इंग्रजी, जाड, सगळी चित्रं. २) मराठी, हाडांची काळजी कशी घ्यावी. ३) जमिनीतून निघालेल्या हाडांवरून माणूस कोण होता ते कसं ओळखतात. ४) लहान मुलांचं, मोठ्या अक्षरांचं. ५) कादंबरी. विहिरीत सांगाडा सापडतो. ही मला नको होती. काळूराम म्हणाला, काकू, हाडंच तर आहेत तिच्यातपण.
कुणा डॉक्टरांच्या घरून निघालीत. म्हणजे डॉक्टर जे वाचून फी घेतात, ते आता माझ्या कपाटात. माझ्या डाव्या गुडघ्याला नुसता अंगठा लावून त्या हाडांच्या डॉक्टरने आठशे घेतले, वर म्हणाला फोटो काढून आणा. मी मॅट्रिक पास आहे. वाचता मलाही येतं.
गुडघा बरा व्हायलाच हवा. गेल्या वर्षी सून रुचिता बाळंतपणात अडली तेव्हा हॉस्पिटलच्या जिन्याखाली उभं राहून गडावरच्या जीवदानी देवीला नवस बोलले, दोघं सुखरूप सुटू देत, पायी चढून येईन आणि ओटी भरीन. माझी मोठी बहीण आक्का जवळच होती. नातू १४ ऑक्टोबरला वर्षाचा होतो, त्याच्या आत फेडायचं. पायऱ्या तेराशेच्या वर.
निश्चय: पाचही पुस्तकं वाचून गुडघा घरच्या घरी बरा करणे. सहा आठवडे म्हणजे भरपूर झाले.

बुधवार, ३ सप्टें.
पुस्तकांना जुन्या कॅलेंडरची कव्हरं घातली. जाड पुस्तकावरच्या कवटीचं तोंड सारखं देवघराकडे येत होतं.
माणसात हाडं दोनशे सहा. ह्यांना विचारलं, तुमच्यात किती असतील? म्हणाले, लग्नाआधी मोजली तेव्हा पाठीचा कणापण होता. ह्यांना अभ्यासाचं गांभीर्य नाही.

शनिवार, ६ सप्टें.
डहाणूला आक्काला हळद पाठवली. वाडीतली, घरी दळलेली. कादंबरीची शेवटची आठ पानं सुटीच झाली होती. मागची पानं म्हणजे जाहिराती. चार चार पानांच्या दोन पुड्या केल्या, वर दोरा. प्लास्टिकची पिशवी वाचली. एकही पुस्तक वाया जाऊ द्यायचं नाही असं ठरवलं आहे.

मंगळवार, ९ सप्टें.
पायऱ्यांचा सराव सुरू. पितृपक्षात नवं काही सुरू करू नये, पण जिना जुनाच आहे.
आमचा जिना चौदा पायऱ्यांचा. सकाळी सहा वेळा चढले. झाल्या चौऱ्याऐंशी. मग असा विचार आला की देवीला एका दमातच हव्यात असं कुठे आहे? रोजच्या रोज जमा करत गेले तर तेराशे कधीच पार. गडावर जाईन तेव्हा थोड्याच उरतील.
कुंपणापलीकडून शेजारची फेलिशिया बघत होती. म्हणाली, गो चंद्रकांता, वर काय विसरतेस सारखी? सांगितलं. तर म्हणते, रोपवेने जा ना बाय, देवी काय तिकीट बघते? मी म्हटलं, नवस पायी बोललेय. रोपवेने जाणं म्हणजे उपासाला वडापाव. ती हसली आणि म्हणाली, तुझा गुडघा बघ, पाव झालाय.


रविवार, १४ सप्टें.
गुडघा थोडा सुजला. पुस्तक नंबर दोन, पान ४१: सूज असल्यास विश्रांती घ्यावी. पान ४२: सांध्याची हालचाल थांबवू नये. मी ४२ धरलं.
मुलगा पियुष म्हणाला, आई, फोटो काढू या, मी पैसे देतो. त्याचे पैसे म्हणजे घरचेच. त्याला मांडीच्या हाडाचं इंग्रजी नाव विचारलं. नाही आलं. एवढं माहीत नाही आणि मला शिकवतो.
मन लागावं म्हणून एक युक्ती केली. कादंबरी सातव्या पायरीवर ठेवायची. एकदा वर गेलं की एक पान बक्षीस.

शुक्रवार, १९ सप्टें.
चढले दोन वेळा. वाचली त्रेसष्ट पानं. बक्षीस जरा आगाऊ घेतलं, उद्या चढून भरून काढीन.
सांगाडा बाईचा आहे. करंगळीचं हाड नाही. मला कंपाउंडरचा संशय येतो. तो फार नमस्कार करतो.

मंगळवार, २३ सप्टें.
तीन दिवस लिहिता आलं नाही. कारण किरकोळ आहे.
शनिवारी जिना उतरताना सातव्या पायरीवरच्या पुस्तकाला पाय लागला. लहानपणापासूनची सवय, पुस्तकाला पाय लागला की वाकायचं, हात लावायचा, कपाळाला लावायचा. वाकले. बाकीच्या सहा पायऱ्या मोजायच्या राहिल्या.
हे धावत आले. मी खाली पडल्या पडल्याच सांगितलं, घाबरू नका, नुसती शीर चढली आहे. हाड मोडलं तर आवाज येतो, तसं नंबर दोनमध्ये दिलंय. आवाज आला होता, पण तो पुस्तक पडल्याचा असं माझं मत पडलं. दोन दिवस तिळाचं तेल चोळलं. काल घट बसले, ते रुचिताने बसवले. मला पाटावर बसता येईना तेव्हा पियुषने काही न विचारता रिक्षा आणली.
तोच डॉक्टर. फोटो काढलाच. गुडघ्याची वाटी फुटली आहे. मी त्याला म्हटलं, म्हणजे पटेला ना? तो म्हणाला, हो आजी, अभ्यास चांगला आहे. सहा आठवडे प्लास्टर.
मोजलं. ३ नोव्हेंबर होतो.

रविवार, २८ सप्टें.
कॉटवर. छताला आडव्या फळ्या बावीस.
नंबर तीन वाचायला घेतलं. हजारो वर्षांपूर्वीच्या बाईची हाडं बघून सांगतात की ती जात्यावर बसायची. माझी कधी निघाली तर काय सांगतील? जिना चढत होती, कुठे जायचं होतं ते कळत नाही.
बाळ येतं, प्लास्टरवर चमचा वाजवतं, जातं. त्याला हसू येतं. त्याच्यासाठी एवढी एकच गोष्ट करायची होती.
रुचिता म्हणाली, आई, तुमच्या नावाने मी चढते. म्हटलं, नवस माझा आणि पाय तुझे, असं कसं? मग म्हणाली, तर मग रोपवेची तिकिटं काढू का? आपण सगळेच जाऊ, बाळालापण घेऊ. मी भिंतीकडे तोंड केलं. प्लास्टरमुळे अर्धंच झालं.

गुरुवार, २ ऑक्टोबर, दसरा
ह्यांनी सरस्वतीपूजनाला पाचही पुस्तकं मांडली. विचारायचं तरी! कादंबरीची फक्त शेवटची दोन पानं राहिली होती. पूजेतलं पुस्तक उघडायचं नाही, म्हणून दिवसभर कॉटवरून झेंडूखालचं कॅलेंडर बघत बसले. आजारपणात एवढी श्रद्धा जड जाते.
संध्याकाळी पूजा हलवल्यावर उघडलं. इन्स्पेक्टर सगळ्यांना विहिरीवर गोळा करतो, खिशातून करंगळीचं हाड काढतो आणि म्हणतो, खुनी इथेच उभा आहे, आणि तो म्हणजे
पुढे पुठ्ठा.
त्या जाहिराती नव्हत्या.
फेलिशिया करंज्या घेऊन आली होती, तिला सांगितलं. ती इतकी हसली की ताट मला धरावं लागलं. जाताना मात्र म्हणाली, रोपवेला मीपण येते, तुला धरायला कोणीतरी पाहिजेच ना.

शुक्रवार, ३ ऑक्टो.
आक्काला फोनवर ऐकू येत नाही. हो हो म्हणते आणि ठेवते. म्हणून कार्ड लिहिलं. त्याची नक्कल इथे:

ती. पुतळाबाई आक्कास, चंद्रकांताचा सा. न. वि. वि.
माझा पाय जरासा दुखावला आहे, काळजी नसावी. हळद पोचली असेल. हळद ठेव, पण पुड्यांचे कागद टाकले नसशील तर आठही पानं पाकिटात घालून पाठव. त्यात खुनी आहे. पानं पिवळी झाली असली तरी वाचता येतील.
दुसरं. रुचिताच्या वेळी हॉस्पिटलच्या जिन्याखाली मी नवस बोलले तेव्हा तू जवळ होतीस. मी पायी चढून येईन असं म्हटलं होतं, की नुसतं दर्शनाला येईन असं? गडबड होती, आजूबाजूला बायका रडत होत्या. मला तरी पायीचं काही आठवत नाही. तूही नीट आठवून बघ. १४ तारीख जवळ आली आहे, तेव्हा उलट टपाली कळव.
पायीच म्हटल्याचं आठवत असेल, तर नुसती पानं पाठव.