समोरून येणारी गाडी

बाबा, तुम्हाला जाऊन आठ वर्षं झाली आणि मी पत्र लिहायला बसले ती मोबाइलच्या गेमवरून. तुम्ही म्हणाला असता, 'काही कामधंदा नाही का तुले?' आहे, भरपूर आहे. पण काल अमरावतीच्या ऑफिसात शेजारची मुलगी तोच मोटारींच्या शर्यतीचा गेम खेळत होती आणि माझं कामातलं लक्षच उडालं. हे कुठे पाठवायचं नाही, म्हणूनच लिहवतंय.

डोळ्यांच्या तपासणीत तुम्हाला बसवरून उतरवलं आणि अकोल्याच्या डेपोत टेबलाचं काम दिलं, त्या वर्षीची गोष्ट. वीस वर्षं अचलपूरची गाडी चालवलेला माणूस! कॉलनीत तुम्ही सांगितलंत, बढती मिळाली. खरं काय ते फक्त आईला आणि मला माहीत. माझ्या फोनवरचा गेम तुम्ही हातात घेतलात तो त्याच दिवसांत. आधी स्टिअरिंगला करायचात तसा फोनला नमस्कार, मग मोकळ्या रस्त्यावर डावी बाजू धरून आपली निवांत गाडी. शेवटचा नंबर ठरलेला. तरी रोज जेवण झालं की 'आन बरं तो फोन' म्हणायचात, आणि मी शेजारी बसून वळणं सांगायची. तेवढा अर्धा तास तुम्ही पुन्हा ड्रायव्हर असायचात.

मग गेमचं पहिलं मोठं अपडेट आलं. रस्त्यावर समोरून वाहनं येऊ लागली, आणि त्यांना जितकं घासून जाल तितके पॉइंट जास्त. त्या रविवारी माझ्या कॉलेजच्या मैत्रिणी आल्या होत्या, शेजारच्या काकूही बसल्या होत्या. तुम्ही खेळताय. समोरून बस येते, आणि तुम्ही गाडी कडेला घेऊन चक्क थांबवता.

"काका, काहून थांबले?"

"मोठी गाडी येऊन राहिली ना बाप्पा. जाऊ द्या तिले."

सगळ्या खो खो हसल्या. मला तुमची लाज वाटली, बाबा. तुमची! फोन ओढून घेत मी म्हणाले, "द्या इकडे. धड दिसत नाही तुमाले, म्हणून तं बसवरून उतरवलं!"

हसणं थांबलं. काकू तुमच्याकडे बघतच राहिल्या. तुम्ही चष्मा काढून सदऱ्याला पुसलात आणि आईला हाक मारलीत, "चहा ठेव वं या पोरींसाठी." संध्याकाळपर्यंत सगळ्या कॉलनीला कळलं. तोंडावर कोणी बोललं नाही, पण कोपऱ्यावरच्या पानठेल्यावर जाणं तुम्ही सोडलंत.

पंधरा दिवसांनी आईनं विचारलं, "काहून वं, आजकाल खेळून नाही राहिले तुमी दोघं?" तुम्ही तिथेच ताटावर होतात. मी पटकन सांगितलं, "नवीन अपडेट आलं ना, तवापासून आपल्या फोनवर चालतच नाही तो."

तुम्ही वर न बघता भाकरी मोडलीत. "हो," म्हणालात, "बंदच पडला तो."

गेम चालत होता, बाबा. मी रोज गच्चीवर जाऊन खेळायची. खाली तुमच्या खोलीत ऐकू जाईल म्हणून आवाज बंद करावा, एवढंसुद्धा मला सुचलं नव्हतं.