तीनदा पुकारा

कनेरगाव नाका
१४ ऑगस्ट २०२४

ती. प्रभूदादास,
द्वारकाचा शि. सा. न. वि. वि.

राखी पाठवली आहे. बांधून घे. मी वादी, तू प्रतिवादी. पण दोऱ्याला अजून नोटीस लागलेली न्हाई. रागिणीवहिनीचे टाके काढले का? पथ्य पाळत नसेल तर माझं नाव सांग, घाबरते मला.

आता रडगाणं. सहा तारखेला मी दवाखान्यात वहिनीच्या उशाशी होते. तूच बसवलंस. म्हणालास, मला कोर्टात जावंच लागतं, तू न्हाई आलीस तरी चालतंय, नऊ वर्षं पुढची तारीखच मिळून राहिली. माझे वकीलही त्या दिवशी वसमतला. नेमका तेव्हाच तीनदा पुकारा झाला आणि वादी गैरहजर म्हणून दावा खारीज. नवा लावता येत न्हाई. पाच सप्टेंबरच्या आत अर्ज करून कारण पटवलं, तरच तो जिवंत होईल. दवाखान्याच्या कागदावर पेशंटचं नाव असतं, पाय दाबणारीचं नसतं. मी तिथं होते, एवढं लिहून दे.

नवरा गेल्यावर आपल्या आबांनी तोंडी दिलेली दोन एकर आणि त्यावरचं पत्र्याचं घर, एवढंच आहे माझं, दावाही त्याचाच. तुझ्या वकिलानं तुला माझ्याशी फोन बंद करायला लावला, म्हणून पत्र. लोभ असावा, आटला असेल तर खरं बोलणं तरी असावं.

द्वारका

हिंगोली
२० ऑगस्ट

चि. द्वारका हिस अनेक आशीर्वाद.

राखी रागिणीनं बांधली. टाके निघाले, भाकरी मागून राहिली, म्हणजे बरी आहे. तुझ्या कामाचं वकिलांना विचारलं. म्हणाले, हाती आलेला निकाल परत कोण देतं? आपल्या दिपकनं त्या जागेसाठी धाबेवाल्याला शब्द दिलाय. गणपतीनंतर खरेदीखत. पोरापुढं माझं चालत न्हाई. तुला हिंगोलीत खोली बघतो. तू समजूतदार आहेस. तब्येतीला जप.

प्रभू

कनेरगाव नाका
२६ ऑगस्ट

ती. दादास, नमस्कार.

समजूतदार हा शब्द आपल्या घरात हक्कसोडपत्रावर सही पाहिजे असली की निघतो. काल धाबेवाल्याचा माणूस टेप लावून गेला. माझ्या चुलीच्या जागी मुतारी येणार म्हणे. मी हसले, मग चूल सारवून घेतली.

एकच विचारते. शिपायानं तीनदा माझं नाव पुकारलं, तेव्हा तू तिथंच होतास ना? काय ऐकू आलं तुला?

वहिनीला यातलं काही सांगू नको. जखम ओली आहे.

द्वारका

हिंगोली
२ सप्टेंबर

चि. द्वारकास,

पोस्टावर भरवसा न्हाई, म्हणून एसटीच्या कंडक्टरच्या, हरिचंदच्या हाती देतोय. तुझं पत्र रागिणीच्या हाती लागलं. काल तिनं ताट सरकवलं. म्हणाली, जिनं मला पाणी पाजलं तिचं घर विकून मी जेवू काय?

तू विचारलंस. मी दारातच उभा होतो. पहिल्या पुकाऱ्याला तोंड उघडलं होतं. दुसऱ्याला वकिलानं मनगट दाबलं. तिसऱ्याला मला कोणीच धरलं नव्हतं.

सहा ऑगस्टला सकाळपासून दिवेलागणीपर्यंत तू माझ्या सांगण्यावरून माझ्या बायकोजवळ होतीस. ती तारीख बुडेल हे मला माहीत होतं. हे पत्र रागानं फाडू नको, उद्याच वकिलाला नेऊन दे. जज्जसाहेब मानतील का, ठाऊक न्हाई. दिपक माझ्याशी बोलत न्हाई.

आशीर्वाद लिहायला हात धजत न्हाई, आणि तुझा भाऊ असं लिहिलं तर साक्ष कच्ची पडेल. म्हणून पुरी सही करतो.

प्रभू नामाजी पोले
प्रतिवादी क्रमांक एक