बेटाच्या इतिहासाचं शेवटचं प्रकरण

३ मार्च
ह्यांना जाऊन चौदा दिवस झाले. छापखान्याचं पत्र आलं — बेटाचा इतिहास पूर्ण करून पाठवा. ह्यांची अकरा प्रकरणं तयार आहेत. बारावं, वादळांचं, राहिलंय. मीच लिहायचं. बरं.

४ मार्च
आज काही नाही. भांडी घासली.

६ मार्च
ह्यांचे कागद वाचले. एका वादळात सहा होड्या एकदम बुडाल्या. बेटावर कर्ते पुरुष उरले चार. तेव्हापासूनचा नियम — आपल्या टेकडीवर पांढरं निशाण दिसल्याशिवाय होडी काढायची नाही. खाली धक्का आडोशाला, तिथे वाऱ्याचा अंदाज येत नाही. वारा मोजायच्या काट्यावर पाचाच्या खाली आकडा आला, की निशाण लावायचं — ते काम आपल्या घराचं. समासात पेन्सिलीने लिहिलंय — 'हिला वाचून दाखवायचं.'

९ मार्च
दीर रॉकेल घेऊन आला. दारातच उभा राहिला. सासूबाईंनी तोंड फिरवलं.
"सख्खा भाऊ पोट धरून तळमळत होता, आणि हा होडीला टेकून बसला!"
"आई, निशाण नव्हतं गं."
"भावापेक्षा फडकं मोठं झालं तुला!"
मी मध्ये पडले नाही. डबा आत घेतला. जाताना म्हणाला, "वहिनी, वरचं कौल सरकलंय. उद्या येऊन बसवतो."
"नको," म्हटलं.

११ मार्च
यंदाच्या वादळाचं लिहिलं. 'सहा दिवस वारा पडला नाही. शाळेचे मास्तर अपेंडिक्स फुटून गेले. होडी सख्ख्या भावाची होती. त्याने ती काढली नाही.' सासूबाईंना वाचून दाखवलं. "छापून येऊ दे! नातवंडं वाचतील." मला रडू येईल वाटलं होतं. आलं नाही.

१२ मार्च
प्रकरणाला आकडे हवेत म्हणून वाऱ्याची वही काढली. दर दोन तासांची नोंद. ह्यांच्या आजारपणात मीच घेत होते. काट्यापाशी जायचं, आकडा लिहायचा, पळत परत ह्यांच्या उशाशी.

१४ फेब्रुवारी. दुपारी दोनला ४. चारला ३. सहाला ३. आठला पुन्हा ११.

अक्षर माझं आहे.
निशाण कपाटात आहे. घडी ह्यांनी घातलेली — अजून तशीच!

१३ मार्च
दिराबद्दलचं खोडलं. खरं लिहिलं, माझ्या नावासकट. सासूबाई अंघोळीला गेल्यात. आल्या की वाचून दाखवायचं.