हातोड्याचा पूल आणि राहते घर

मी, खाली सही करणारी, जिने बनवणाऱ्या एका सुताराची विधवा आणि दवाखान्याच्या धुलाईखान्यातली निवृत्त कामगार, हे मृत्युपत्र माझ्या राहत्या घरी, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. गुडघे नाहीत, पण मृत्युपत्राला गुडघे लागत नाहीत, असे वकीलबाई म्हणाल्या. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. आणायचा प्रयत्न झाला होता, तो पहिल्याच कलमात नोंदवते.

कलम पहिले. आधीचा कागद.

माझा थोरला मुलगा, ज्याला त्याचे वडील लाडाने तुफान म्हणत, याने गेल्या वर्षी टाइप केलेले एक मृत्युपत्र माझ्यापुढे ठेवले.

"आई, सगळं तयार आहे. तुला काही करायचं नाही. खाली सही कर, झालं."

"ठेव इथे. वाचते."

"अगं, वाचायचंय काय त्यात? मी वाचलंय ना!"

मी वाचले. धुलाईखान्यात चादरींवर वॉर्डांच्या खुणा असत, त्या लावून लावून मला अक्षरे आली आणि नंतर वाचनालयाने बाकीचे केले. शाळेने मला शिकवलेले नाही, त्यामुळे न वाचता सही करायची सवयही लागलेली नाही. कागदात घर तुफानच्या नावे होते, सगळी अंमलबजावणी त्याच्याकडे होती, आणि त्याच्या धाकट्या बहिणीला "योग्य वाटेल ते" मिळणार होते. योग्य कोणाला वाटेल, ते लिहिले नव्हते. त्या कागदावर मी सही केलेली नाही. तसा काही कागद माझ्या सहीचा म्हणून पुढे आला तर तो खोटा समजावा.

मुलगा वाईट नाही. पुढचे वाचून तसे वाटेल म्हणून आधीच लिहून ठेवते. त्याला व्यसन नाही, तो आवाज चढवत नाही, फोन वेळेवर करतो. फक्त दुसऱ्याच्या हातातले अर्धे काम त्याला बघवत नाही. मी सुईत दोरा ओवत असले की तो सुई काढून घेतो, ओवतो आणि परत देतो. बघणारे म्हणतात, किती करतो आईसाठी! खरे आहे. माझ्यासाठी तो इतके करतो की करायला माझ्याकडे काही उरत नाही.

कलम दुसरे. हत्यारे.

माझ्या नवऱ्याचे लहान रंधे, पटाश्या, करवती, गुण्या आणि हत्यारांची पेटी, हे सगळे त्यांच्या हाताखाली शिकून आता स्वतःचे दुकान चालवणाऱ्या कारागिराला द्यावे. मोठा रंधा माझ्या दिरांकडे आहे. एका दिवसासाठी म्हणून नेला आणि पाते तुटल्यावर म्हणाले, "वहिनी, ते आधीपासूनच तसं होतं." तुटके पाते घेऊन माझा नवरा जेवायला बसला नसता, हे त्यांनाही माहीत आहे. तो रंधा मी दिरांनाच दिला आहे. म्हणजे माझ्या दहाव्याला न येण्यासाठी त्यांना दुसरे कारण शोधावे लागेल.

कलम तिसरे. बँकेतली ठेव आणि पुस्तके.

ठेव दोन्ही मुलांना सारखी. पुस्तके वाचनालयाला. तिथले गृहस्थ अजूनही मला विचारतात, "आजी, ही मोठ्या अक्षरातली देऊ का?" त्यांना सांगावे की आजींनी शेवटपर्यंत बारीक अक्षर वाचले.

कलम चौथे. टीव्हीखालच्या खणातले व्हिडिओ गेमचे मशीन.

मशीन, त्याचा कंट्रोलर आणि वायरी धाकटीला द्याव्यात. हे कलम लांबणार आहे. वकीलबाई म्हणाल्या, एवढ्याशा वस्तूसाठी इतका कागद कोणी घालवत नाही. मी म्हटले, कागद माझा आहे.

यांना झटका आला आणि उजवी बाजू गेली. ज्या हाताने शहरभर जिने उभे केले तो हात मांडीवर पडून असायचा, आणि कोणी आपले सामान सांभाळायला देऊन निघून जावे तसे ते त्याच्याकडे बघायचे. व्यायाम करून घेणाऱ्या ताईंनी दाबायला रबरी चेंडू दिला. यांनी तो डाव्या हाताने खिडकीबाहेर भिरकावला. "मी काय पाळण्यातलं पोर आहे?" मग ताईंनीच धाकटीला सुचवले, की बोटे हलती राहतील असा एखादा खेळ आणा. धाकटी दुसऱ्या शहरात बस चालवते. सुट्टीत येताना ती हे मशीन घेऊन आली.

खेळ असा. पिवळ्या टोपीतला एक बुटका माणूस पळतो, उड्या मारतो आणि पडतो. वाटेत अडथळेच अडथळे. यांनी त्याचे नाव "उमेदवार" ठेवले, कारण त्यांच्या धंद्यात काम शिकायला आलेल्याला उमेदवार म्हणतात, आणि तो आधी पडायला शिकतो. खेळातले जिने बघून यांचा जीव वरखाली व्हायचा. "हे बघ, पायरीला खालून आधारच नाही! कोणी बांधलाय हा? याचे पैसे कसे दिले कोणी?"

कंट्रोलरच्या डाव्या दांडीने त्याला चालवायचे आणि उजव्या बटणाने उडवायचे. डावा हात यांचा धड होता. उजव्या बटणावर यांचा अंगठा ठेवायचा आणि त्या अंगठ्यावर माझा. ते "हां" म्हणाले की मी दोन्ही अंगठे मिळून दाबायचे.

"मी म्हणायच्या आधी का उडवलंस त्याला?"

"तुमचं हां येईपर्यंत तो दरीत गेला असता."

"गेला असता तर माझ्या हातून गेला असता. आता तुझ्या हातून गेला."

असे आम्ही रोज दुपारी भांडायचो. लग्नानंतर इतकी वर्षे ते त्यांच्या कामावर आणि मी माझ्या. दोघांनी मिळून एक काम असे कधी केलेच नव्हते. पुढे पुढे "हां" लागेनासे झाले. त्यांनी श्वास घेतला की मला कळायचे.

बाकीच्या लेव्हल झाल्या. अडलो ते हातोड्याच्या पुलावर. आधी गोल फिरणारी पिंपे, मग झुलते ओंडके, मग पाय पडला की खचणाऱ्या फळ्या, आणि पुलाच्या टोकाशी वरखाली होणारा एक अजस्र हातोडा. त्याच्यापलीकडे बुरूज आणि बुरजाला दार. मध्ये कुठे दम खायला जागा नाही. पडलात की पुन्हा पिंपांपासून. खिडकीबाहेरच्या झाडाची पाने गळली आणि परत आली तरी आम्ही पुलावरच होतो. खालच्या मजल्यावरची शिवणवाली जिन्यात भेटली की विचारायची, "काकू, आज किती वेळा जीव दिला त्यानं?"

एका दुपारी हातोड्यापर्यंत पोचलो आणि माझ्या अंगठ्याखाली काहीतरी हलले. मी दाबले नव्हते. उमेदवार उडाला. हातोड्याला धडकून खाली गेला ही गोष्ट वेगळी, पण उडाला. आम्ही दोघे पडदा सोडून हाताकडे बघत बसलो.

"तू दाबलंस."

"नाही हो. तुमची शपथ."

"माझी कशाला घालतेस? आधीच अर्धा गेलोय."

आणि मग इतके हसले की मला त्यांना पाणी पाजावे लागले. दुसऱ्या दिवशी ताईंनी अंगठा तपासला. म्हणाल्या, आहे, हालचाल आहे, हे सोडू नका. त्या दिवसापासून बटणावर एकच अंगठा असायचा. माझा नुसता शेजारी.

नंतर यांच्या छातीत कफ भरला आणि दवाखान्यात ठेवावे लागले. मी तिथे, आणि घर बघायला तुफान इथे. घरी आणले त्या दिवशी त्याने यांना खुर्चीत बसवले, शाल नीट केली आणि टीव्ही लावला.

"बाबा, तुमचा तो पूल! उडवून टाकला. एका बैठकीत. हे बघा, दार उघडं."

यांनी पडद्यावरच्या दाराकडे बघून विचारले,

"पलीकडे काय होतं रे?"

"काही नाही. पुढची लेव्हल."

"बरं केलंस," हे म्हणाले.

मी तुफानला स्वयंपाकघरात घेतले. खेळ साठवायला त्या मशीनमध्ये तीन जागा आहेत. आमची पहिली, बाकी दोन मोकळ्या. "तुला खेळायचं होतं तर मोकळ्या जागेत खेळायचंस."

"अगं, पण मला कुठे खेळायचं होतं? ते अडकले होते. मी सोडवलं त्यांना!"

त्याच्या तोंडावर इतका आनंद होता की पुढचे शब्द मी गिळले. ते अजून तिथेच आहेत.

यांनी कंट्रोलर पुन्हा हातात घेतला नाही. मी पुढची लेव्हल लावू का विचारले. पहिल्यापासून खेळू या का, तेही विचारले. "कशाला? झालं ते काम." ताई आल्या की ते हात पुढे करायचे, पण एखाद्याने दुसऱ्याची वस्तू पुढे करावी तसा. अंगठा परत हलला नाही. त्या थंडीतच ते गेले. डॉक्टर म्हणाले, अंगठ्याचा आणि जाण्याचा काही संबंध नाही. मी डॉक्टरांशी वाद घालत नाही. आधी काय झाले आणि नंतर काय झाले, तेवढेच लिहिते.

मशीन खणात गेले ते बरेच दिवस तिथेच राहिले. मग तुफानने तो टाइप केलेला कागद आणला, आणि तो निघून गेल्यावर मी खण उघडला. दुसऱ्या जागेत, पहिल्यापासून, एकटीने. माझा उजवा अंगठा तयार होता. डाव्याला काही येत नव्हते, कारण डावी दांडी हे चालवायचे, मी नाही. उमेदवार भिंतीला तोंड लावून उभा राहायचा. मला बसून रडावेसे वाटायचे आणि मी रडायचेही, पण कंट्रोलर न सोडता.

हातोडा कसा चुकवायचा ते मला शेवटी कळले. आम्ही नेहमी फळी खचायच्या आत घाईने उडायचो आणि नेमके हातोड्याला भेटायचो. उडायचे नसते. शेवटच्या फळीवर उभे राहायचे आणि तिच्याबरोबर खाली जायचे. हातोडा डोक्यावरून निघून जातो. तो वर वळला की मग उडी. खचत्या फळीवर उभे राहायला छाती लागते. यांना हे सुचले असते. अजून थोड्या दुपारी मिळाल्या असत्या, तर सुचले असते.

दार उघडले. पलीकडे लगेच पुढची लेव्हल नव्हती. उमेदवार बुरजाच्या पायरीवर बसला, टोपी काढली, कपाळ पुसले आणि मागे वळून बघू लागला. मग पडद्यावर सगळी वाट उलटी दिसू लागली, हातोडा, फळ्या, ओंडके, पिंपे. आणि जिथे जिथे तो पडला होता तिथे तिथे एकेक पिवळी टोपी पडलेली होती. माझ्या टोप्यांनी दरी पिवळी झाली होती. हे एकदाच दाखवतात. पुन्हा लावले तर येत नाही, मी बघितले.

म्हणजे पहिल्या जागेत आमच्या टोप्या होत्या. आमच्या सगळ्या दुपारी. मी तुफानला फोन केला.

"टोप्या बघितल्यास का रे तू?"

"कसल्या टोप्या?"

"दार उघडल्यावर दिसतात त्या."

"अच्छा, ते मधलं? ते बटण दाबून पुढे ढकलायचं असतं, आई. सगळेच ढकलतात. का गं, काही अडलंय का? मी येऊ?"

मी म्हटले, नको.

धाकटीने पहिली जागा पुसू नये आणि तिथून पुढे खेळूही नये. आम्ही केलेले आणि आम्हाला करू न दिलेले, दोन्ही त्यात एकत्र आहे. मला ते वेगळे करता आले नाही.

कलम पाचवे. राहते घर.

हे घर आम्ही दोघांच्या कमाईतून घेतले, आणि आतला जिना यांच्या हातचा आहे. घर दोन्ही मुलांना निम्मे निम्मे. तुफानला कमी द्यावे असे माझ्या मनात येऊन गेले. पण कमी दिले तर त्याला कोर्टाचे काम मिळेल, आणि मला त्याला कोणतेही काम द्यायचे नाही.

म्हणून या मृत्युपत्राची अंमलबजावणी मी धाकटीकडे सोपवते, एकटीकडे. कपाटे ती उघडेल. खोल्या ती रिकाम्या करेल. माझ्या साड्यांच्या घड्या ती मोडेल, वडिलांचे चष्मे ती शोधेल, गिऱ्हाईक ती बघेल आणि किल्ली ती देईल. तिला वेळ लागेल तेवढा लागू द्यावा. ती सावकाश काम करते. म्हातारे माणूस पायरीवर पाय ठेवेपर्यंत बस हलवत नाही. तिला एकटीने ओझे होईल, हे मला माहीत आहे. मी तिला विचारले. ती म्हणाली, "आई, मला बाबांच्या वस्तू हातात घ्यायच्याच आहेत."

तुफानने या घरातला एक खिळाही काढायचा नाही. तो दहा वेळा फोन करेल. "कुठवर आलं? मी येतो ना, दोन दिवसांत संपवतो." तिने म्हणावे, "नको, दादा." सगळे झाले की त्याचा निम्मा वाटा, एक पैसाही कमी न करता, त्याच्या दारात नेऊन द्यावा. तोपर्यंत त्याने घरी बसावे. त्या दिवसांत त्याला कसेसे होईल. आपल्याच वडिलांची वस्तू, आपल्याच आईचे घर, आणि आपले हात मांडीवर. त्याचे वडील त्या थंडीत खुर्चीत बसून असत, तेव्हा त्यांना कसे होत होते, हे तुफानने मला अनेकदा विचारले आहे. मला सांगता आले नाही. आता त्याला कळेल.

हे सर्व मी विचार करून लिहिले आहे. खाडाखोड माझी आहे आणि प्रत्येक खाडाखोडीशेजारी माझी सही आहे. कोणी शुद्धलेखन सुधारून नवी प्रत काढू नये.

लिहून देणार: सही (सुताराची विधवा)

आमच्यादेखत त्यांनी सही केली, आणि त्यांच्यादेखत आम्ही:

साक्षीदार एक: सही (व्यायाम करून घेणाऱ्या ताई)

साक्षीदार दोन: सही (खालच्या मजल्यावरची शिवणवाली. साक्षीदाराला मृत्युपत्रात काही देता येत नाही, म्हणून तिला द्यायचा आरसा आजच दिला.)

ठिकाण: राहते घर, स्वयंपाकघर. तारीख सहीखाली घातली आहे. वेळ दुपारची.