मुक्काम भिंगरी

तारीख ठाऊक नाही, पण वार मंगळवार.

ती. बाबांना नमस्कार. एक विनंती आहे, ती शेवटी लिहीन. मी बरी आहे. खोकला गेला. बूट फाटलेत, आत पुठ्ठा घातलाय. ताईला सांगू नका, नवे पाठवत बसेल.

तुम्ही नकाशा काढायला बसलात की कागद गुंडाळला जाऊ नये म्हणून मी तो कोपरांनी दाबून धरायची. शाईचा वास आला की मला अजून झोप येते. प्रत्येक नकाशात तुम्ही एक खोटं गाव घालायचात, नक्कल करणारा सापडावा म्हणून. एकदा मला म्हणालात, ठेव कुठेही बोट. मी दोन रस्ते फुटतात तिथे ठेवलं आणि तुम्ही तिथे माझं लाडाचं नाव लिहिलंत. पाय घरात टिकत नाही म्हणून ठेवलेलं, भिंगरी.

बाबा, मी तिथेच आहे.

उजाड माळ असेल असं धरून निघाले, तर वाहकच ओरडला, भिंगरीवाले उतरा. उतरणारी मी एकटी. फाट्यावर एक मावशी पंक्चर काढते. तुमचा नकाशा घेतलेली माणसं भिंगरी कुठे म्हणून तिचं डोकं खायची. नाही नाही म्हणून जीभ झिजली, तेव्हा तिने जुन्या चाकावर नाव रंगवून टांगलं. मग बस थांबायला लागली. मग एक न्हावी आरसा घेऊन आला. आता ड्रायव्हर लोक ते चाक एकदा फिरवल्याशिवाय पुढे जात नाहीत. म्हणे इथे एक भटकी पोर होती, ती वाट राखते. मावशी हे शपथेवर सांगते. आपल्याबद्दल कुणी इतकं चांगलं बोलत असताना मध्ये कशाला तोंड घाला?

मग तिने विचारलं, "तू कुठली गं?"

"इथलीच."

"मग इतके दिवस होतीस कुठे?"

मी तिच्यापुढची ट्यूब उचलून पाण्यात बुडवली. तिच्याकडे पंक्चर काढायला शिकतेय.

आता विनंती. नवा नकाशा काढताना खोटं गाव बदलायचं, हा तुमचा नियम. पण बसवाले थांबे नकाशा बघून ठरवतात. भिंगरी गेली की बस थांबणार नाही, मावशीचं दुकान बसेल. आणि मी निघाले तेव्हा तुम्ही दारातून म्हणाला होतात, ते नावच पुसतो आता. रागात म्हणालात, कळतं मला. तरी पुसू नका.

सगळी गावं तुम्ही खोलीत बसून काढलीत. हे एक बघायला या. इथे पोस्ट अजून नाही, हे पत्रही वाहकाच्या हाती देतेय, तेव्हा उत्तरही तुम्हालाच आणावं लागेल.

वाहकाला गावाचं नाव सांगा, थांबवेल.

तुमची,
भिंगरीचीच