उंबऱ्यावरचा मिठाचा कण

गुरुवार, दिवेलागण

आज शाळेच्या बाई पोरांना घेऊन चक्क माझ्या दारात आल्या. शाळेच्या अंगणात नारळ ठेवला, तो सूर्य. तिथून पावलं मोजत, ग्रह मांडत निघाले ते सुपारीच्या वाड्या ओलांडून इथवर. सगळ्यात लांबचा तो बर्फाचा इवलासा गोळा, सेडना का काय, मिठाच्या कणाएवढा. तो नेमका माझ्या उंबऱ्यावर आला.

"याच्यापुढे समुद्रच आहे, आजी," बाई हसल्या.

सूर्याभोवती एक फेरी घालायला त्याला अकरा हजार वर्षं लागतात म्हणे. मी विचारलं, एवढ्या लांबून सुटून कसा जात नाही? म्हणाल्या, सूर्य ओढून धरतो. असेल. वादळात वाड्या झोपल्या तेव्हा शेजारची दोन्ही घरं मुंबईला गेली. मला इथे काय धरून आहे, कोण जाणे.

"उद्या कण बघायला येतो हां," म्हणत पोरं गेली.

आणि मी मेलीने दिवा लावण्याआधी झाडायच्या सवयीने उंबरा लख्ख झाडून टाकला!

बरणीतून दुसरा कण ठेवला. वारा आहे, म्हणून आणखी एक. शेवटी अख्खी चिमूटच ठेवली. एकच असतो, ठाऊक आहे मला. पण उद्या माझ्याकडे कुणीतरी येणार आहे.