पाल्यातला चीक

४ डिसेंबर १९३८, मुर्री

लावली एकदाची! विहिरीजवळच्या वाफ्यात. रोपं गोंदियाच्या दवाखान्यातल्या नर्स निर्मलाबाईंनी दिली. सलाद म्हणतात या भाजीला. शिजवलेलं काही माझ्या पोटात ठरत नाही, हिरड्यांतून रक्त येतं. त्या म्हणाल्या, “हा पाला कच्चाच खायचा. रोज.”

पाचवा महिना. पहिला पाचव्यातच गेला. दुसरी जन्मली, पण रडली नाही. या खेपेला कुणी विष खा म्हटलं तरी खाईन — हे काय लिहून बसले!

१३ डिसेंबर

किडे लागले. चुलीतली राख टाकली. पाचवा सरत आला. पाय जपून टाकते.

२ जानेवारी १९३९

पहिली पानं खुडली. निर्मलाबाईंनी दिलेल्या लाल औषधाच्या पाण्यात धुतली, मीठ-लिंबू लावून भाताबरोबर खाल्ली. कुरकुरीत! पोटात राहिली!

सासूबाई दारातून बघत होत्या. “काऊन वो, बकरीवानी पाला चावून राहिली? चुलीले काय झालं?” मी मान खाली घालून खातच राहिले.

१५ जानेवारी

हिरड्या बऱ्या. बाळ लाथा मारतं. हे घरी आले की सांगायचं — धानाच्या खरेदीला सौंदडला गेलेत.

१९ जानेवारी

आज पानं न खुडता अख्खं झाड बुडापासून कापलं. विळ्यावर पांढरं दूध आलं! चिकट. सासूबाई मागेच होत्या.

“चीक हाये वो याले! रुईले असाच राह्यते!”

रुईचा चीक पोट पाडायला लावतात ते मला ठाऊक आहे. गावातल्या कुठल्या बाईला ठाऊक नाही? कच्च्या पपईचाही चीक असाच. आणि मी रोज खात होते. रोज!

सासूबाई ओरडल्या नाहीत. नुसत्या खाली बसल्या. त्याचीच जास्त भीती वाटली.

२० जानेवारी

बाळ हलत नाही.

२० जानेवारी, दुपार

सेवकरामला सायकलवर दवाखान्यात पाठवलं — आमचा चुलतदीर. रिकामाच परत आला. निर्मलाबाई एका अडलेल्या बाईसाठी सालेकशाला गेल्यात, केव्हा येतील कुणी सांगत नाही. गूळ-पाणी प्याले. डाव्या कुशीवर निजले. काही नाही.

विचारू कुणाला? यांना काय तोंड दाखवू?

२१ जानेवारी

सकाळी परसात गेले तर सासूबाई वाफ्यात बसलेल्या. सलाद खात होत्या. नुसती पानं नाहीत — दांडे सुद्धा, कचाकचा. हनुवटीवर चीक.

मी किंचाळलेच. “काय करता हे!”

“चूप राह्य. जहर असन त मले चढन. मग तुयावर काय इलाज करायचा ते त समजन.”

“तुम्हाला काही झालं तर?”

“म्हातारीले काय होते? तिसऱ्यांदा मी काही गाडगं पुरायले जात नाही, बाई.”

दोन्ही खेपेला त्यांनीच गाडग्यात घालून नेलं होतं पुरायला. एकट्या. तेव्हा एक शब्द बोलल्या नव्हत्या. मला वाटायचं, यांना काहीच वाटलं नाही.

आता दोघींची काळजी. दिवसभर त्यांचं तोंड बघत बसले. त्या माझं पोट बघत बसल्या.

२२ जानेवारी

सासूबाई ठणठणीत! “पोट साफ झालं,” एवढंच म्हणाल्या. आणि मी तांदूळ निवडत असताना — लाथ! सूपच हातातून पडलं.

२४ जानेवारी

निर्मलाबाई स्वतः आल्या. पोटाला नळी लावून ऐकलं. “ठोके चांगले आहेत. या चिकानं काही होत नाही, भाजी कडू होते फक्त. बाळ कधी कधी निजून राहतं.”

सासूबाई म्हणाल्या, “हे आधी काऊन नाही सांगतलं?”

तरी आज पान तोंडाजवळ नेलं आणि परत ठेवलं. सासूबाईंनी ते उचललं, अर्धं आपण खाल्लं, अर्धं मला दिलं.

५ मार्च

ऊन चढलं. सलादला तुरे आले, पानं कडूजहर. उपटली.

२७ मार्च

कंबर दुखते आहे. अजून दिवस भरले नाहीत. या मागल्यासारख्याच कळा का? सासूबाई पाणी तापवताहेत, माझ्याकडे बघत नाहीत. देवा —

२ एप्रिल

मुलगी. रडते, सारखी रडते. लिहायला हात मोकळा नाही.